प्रस्वाप: न सुटलेलं अस्त्र
(शिरगाव येथील व्याख्यानाचे शब्दांकन)

मंडळी, सोपारा इथून लांब नाही, आपल्याच पालघर जिल्ह्यात आहे. त्याचं जुनं नाव शूर्पारक. शांतिपर्वात कथा येते की परशुरामाने सगळी पृथ्वी कश्यपाला दान दिली आणि त्याला स्वतःला राहायला जागा उरली नाही, तेव्हा समुद्राने त्याच्यासाठी शूर्पारक देश निर्माण केला. म्हणजे हा किनारा परशुरामाचा. आणि आज मी ज्या अस्त्राबद्दल बोलणार आहे, त्या अस्त्रापुढे हाच परशुराम हरला. अस्त्र मात्र सुटलंच नाही.

कथा उद्योगपर्वाच्या शेवटी आहे, अंबेच्या उपाख्यानात. भीष्माने अंबेला पळवून आणलं, शाल्वाने तिला नाकारलं, भीष्मानेही स्वीकारलं नाही. ती परशुरामाकडे गेली आणि गुरू-शिष्याचं युद्ध जुंपलं. पुष्कळ दिवस निकाल लागेना. तेव्हा रात्री झोपेत भीष्माला आठ तेजस्वी ब्राह्मण दिसतात. ते सांगतात, प्रस्वाप नावाचं अस्त्र तुला पूर्वजन्मी माहीत होतं, ते आठव. आपण बोलताना त्याला प्रस्वापन म्हणतो. ते सोडलंस की राम झोपेल, मरणार नाही, त्यामुळे तुला पाप लागणार नाही. जिंकून झालं की संबोधन अस्त्राने त्याला पुन्हा उठव.

इथे जरा थांबू या. हे ब्राह्मण म्हणजे वसू, असं सगळेच धरतात, कारण ते भीष्माला आपलंच शरीर म्हणतात. पण आठ वसूंपैकी एक तर खुद्द भीष्मच, मग स्वप्नात आठ कसे दिसले? हिशोब जुळत नाही. मला तो न जुळणंच आवडतं. स्वप्नात माणूस स्वतःलाही समोर उभा बघतो, हे ज्याने ही कथा रचली त्याला ठाऊक असावं.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. ही सगळी हकिकत सांगतो कोण? भीष्मच. म्हातारा झालेला भीष्म, दुर्योधनाला. स्वप्न त्याचं, अस्त्र त्याचं, साक्षीदारही तोच. झोपेचं अस्त्र झोपेतच मिळालं आणि जागेपणी ते कोणावर चाललेलं कोणीही पाहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी तो ते योजायला जातो तर आकाशात एकच कल्लोळ, सोडू नकोस म्हणून. नारद येऊन कारण सांगतो: राम तपस्वी आहे, ब्राह्मण आहे, तुझा गुरू आहे, त्याचा अपमान करू नकोस. बघा हं, जीव घेऊ नकोस असं तो म्हणत नाही. जीव जाणारच नव्हता. रात्री सल्ला देणारे ते आठ ब्राह्मणही हसतात आणि नारदाचं ऐक म्हणतात. भीष्म अस्त्र मागे घेतो. ते मागे घेतलेलं दिसताच परशुरामाच्या तोंडून निघून जातं की मी मंदबुद्धी, भीष्माने मला जिंकलं.

आपल्याकडे या अस्त्रांना सरसकट सौम्य म्हणायची पद्धत आहे. रक्त नाही, हिंसा नाही, केवढी ही करुणा! मला हे पटत नाही. ग्रंथच पटू देत नाही. विराटपर्वात अर्जुन संमोहन अस्त्राने कौरवांना बेशुद्ध पाडतो आणि उत्तराला सांगतो, जा, यांची वस्त्रं काढून आण. का? तर उत्तरेला बाहुल्यांसाठी भारी कापड हवं होतं. द्रोण, कृप, कर्ण, अश्वत्थामा, दुर्योधन यांचे कपडे एका मुलीच्या बाहुल्यांना! मारलं असतं तर वीरगती तरी मिळाली असती. कालिदासाचा अजही तेच करतो. रघुवंशात त्याला हे अस्त्र प्रियंवद गंधर्वाकडून मिळतं, शत्रूला न मारता विजय देणारं म्हणून. मग झोपलेल्या राजांच्या ध्वजांवर तो रक्ताळलेल्या बाणांनी लिहवून घेतो की यश घेतलं, जीव दयेने ठेवला. ती दया वाचून जाग आलेल्या राजांना काय वाटलं असेल, ते कालिदास सांगत नाही. ग्रीकांच्या हर्मिसकडेही माणसाला झोपवणारी नि उठवणारी काठी आहे, पण तो देव आहे, त्याला कोणाची अब्रू राखायची नसते.

वसूंनी स्वप्नात आणखी एक गोष्ट सांगितली होती आणि ती आपण सांगताना गाळतो. झोपलेला आणि मेलेला त्यांना सारखाच. कायद्यातली पळवाट काढावी तसं आहे हे: राम मरू शकत नाही ना, मग झोपव, हिशोब तोच. हा विचार महाभारत पुढे नेतं. द्रोणपर्वातल्या रात्रीच्या युद्धात सैनिक झोपेने कोसळायला लागतात, तेव्हा अर्जुन त्यांना चंद्र उगवेपर्यंत झोपू देतो आणि दोन्ही सैन्यं त्याला दुवा देतात. मग सौप्तिकपर्वात अश्वत्थामा झोपलेल्या छावणीत शिरतो, आणि झोपलेला व मेलेला यांत काही फरकच उरत नाही. तिथे संबोधन कोणाकडे नसतं.

हा भुलीचा वायू असेल का, असं अशा विषयावर हमखास विचारलं जातं. यात वायू शोधणाऱ्याला नारद दिसत नाही, एवढंच म्हणतो. ग्रंथाने कृती दिलेली नाही. दिला आहे तो उतारा, आणि दिली आहे ती मनाई. विराटपर्वातही अर्जुन उत्तराला बजावतो की भीष्माच्या बाजूने जाऊ नकोस, त्याला या अस्त्राचा तोड माहीत आहे. सगळे आडवे पडलेले असताना म्हातारा एकटा जागा!

आणि अंबा? एवढ्या धुमाळीत तिचं काय झालं? परशुराम तिला सांगतो की माझी ताकद संपली, आता तू भीष्मालाच शरण जा. गुरूची अब्रू देवांनी राखली. तिची राखायला आकाशात कोणी उभं नव्हतं. ती तपाला जाते.

एक चिठ्ठी आली आहे: भीष्माने कुरुक्षेत्रावर हे अस्त्र का नाही वापरलं? प्रश्न चांगला आहे, कारण तो कथेतच कोणी विचारत नाही. दुर्योधनाने ही हकिकत युद्धाच्या तोंडावर ऐकली आहे. अख्खं पांडवसैन्य झोपवू शकेल असा माणूस त्याच्यासमोर बसला आहे. आणि हे आख्यान संपताच, पहाटे, तो विचारतो काय? तर पांडवांचं सैन्य किती दिवसांत मारून संपवाल. भीष्म म्हणतो एक महिना. द्रोणही तेच म्हणतो. कृप दोन महिने, अश्वत्थामा दहा दिवस, कर्ण पाच.