‘जिणं आमुचं’मध्ये न आलेली मारहाण

बेबीताई कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’ १९८६ साली पुस्तकरूपात आले. आत्मचरित्र म्हणून ते हातात घेतले की थोड्याच पानांत कळते, इथे ‘मी’ फार कमी भेटणार आहे. भेटतो तो वीरगावचा महारवाडा. मरीआई, पोतराज, भूक, सासूच्या धाकातल्या कोवळ्या सुना, आणि सासरच्यांनी नाक कापलेल्या बाया.

माया पंडित यांनी केलेला इंग्रजी अनुवाद २००८ साली निघाला. त्याला जोडलेल्या मुलाखतीत बेबीताई सांगतात, की नवरा संशयावरून मारायचा आणि आपले लेखन त्यांनी वीसेक वर्षे घरात लपवून ठेवले होते. मूळ पुस्तकात यातले काही नाही. मग ते अपुरे म्हणायचे का?

मला तसे वाटत नाही. समाजातल्या पुरुषांचा मार आणि सासवांचा छळ त्यांनी कुठेही झाकलेला नाही. स्वतःचे दुःख त्यांनी त्या सगळ्या सुनांमध्ये मिसळून टाकले. नेतृत्व करणाऱ्या बाईला हा हिशेब करावाच लागतो. घरातले बोलले, तर बाहेरचे तेवढेच धरून पूर्ण वस्तीला नावे ठेवतात. पण या हिशेबाची किंमत बाईनेच मोजली, हेही समीक्षेने म्हटले पाहिजे. नुसता ‘समूहाचा आवाज’ असा गौरव करून ते विसरता येणार नाही.

आमच्या जुन्या ठाणे जिल्ह्यातले उदाहरण गोदावरी परुळेकरांचे. ‘जेव्हा माणूस जागा होतो’मध्येही समूहच पुढे आहे. पण त्या वारल्यांमध्ये बाहेरून गेल्या होत्या, त्यामुळे त्यांचे मागे राहणे हा संघटकाचा संयम वाटतो. बेबीताई जिथल्या होत्या तिथलेच लिहीत होत्या. लिहून झाल्यावर त्यांना त्याच माणसांत राहायचे होते.

त्या राहिल्याही. फलटणजवळ निंबुरे इथे त्यांनी मुलांसाठी आश्रमशाळा चालवली. शिकून, नोकरी धरून वस्तीकडे पाठ फिरवणाऱ्यांवर त्यांनी पुस्तकात जे कडक लिहिले आहे, त्याला या शाळेमुळे वजन येते. पगारदार वाचकाला पुस्तकातला हाच भाग सर्वांत जास्त टोचतो, आणि आत्मचरित्राच्या कौतुकात नेमका तोच गाळला जातो.