वाटून खेळा, पण देऊ नका : डिजिटल गेम नेमका कोणाचा?

(मुळशी तालुक्यात पौड इथे झालेल्या जाहीर व्याख्यानाचं शब्दांकन. बोलण्याचा बाज शक्यतो तसाच ठेवला आहे.)



सुरुवात एका घरगुती प्रश्नापासून करतो. समजा, दोन भाऊ आहेत. थोरला हिंजवडीत नोकरीला, तिथेच फ्लॅट, बायको आणि मुलगी. धाकटा इथे पौडला, आईवडिलांजवळ. तालुका एकच, मुळशी. दोघांकडे एकेक प्लेस्टेशन फाइव्ह आहे. थोरल्यानं पाच हजारांच्या घरातला एक गेम ऑनलाइन दुकानातून घेतला. धाकट्याचा फोन येतो, "दादा, तुझा खेळून झाला की मला दे ना."

आता दादानं काय करायचं?

गेम तबकडीवर असता तर प्रश्नच नव्हता. शनिवारी येताना पिशवीत टाकली असती. पण इथे तबकडी नाही, फक्त खात्यावर नोंद आहे. मग दादा सेटिंगमध्ये जातो. तिथे 'कन्सोल शेअरिंग आणि ऑफलाइन खेळ' अशी सोय सापडते. तिचा नियम असा : एका खात्याला एका वेळी एकाच प्लेस्टेशन फाइव्हवर ती चालू करता येते. ज्या मशीनवर चालू केली, तिथे त्या घरातलं कोणीही आपापल्या खात्यावरून दादाचे गेम खेळू शकतं, इंटरनेट नसलं तरी. बाकी कुठल्याही मशीनवर फक्त दादा स्वतः, स्वतःच्या खात्यावरून, आणि नेट चालू असेल तरच.

दादा हुशार आहे. तो आपलं खातं धाकट्याच्या मशीनवर उघडतो आणि सोय तिथे चालू करतो. पावसाळ्यात ताम्हिणीच्या बाजूला ढग फुटल्यासारखा पाऊस लागला आणि नेट गेलं, तरी धाकट्याचा खेळ थांबत नाही. हिंजवडीत नेट आहेच, तिथे दादा खेळतो. दोघे एकाच वेळी एकच गेम खेळू शकतात, पैसे एकदाच भरून.

हे मी आधीच मान्य करतो, म्हणजे पुढची टीका एकांगी वाटणार नाही. तबकडी एका वेळी एकाच घरात असते, ही सोय दोन घरं चालवते. तबकडीपेक्षा ती उदार आहे.

पण गोष्ट इथे संपत नाही. त्या संध्याकाळी दादाची मुलगी स्वतःच्या खात्यावरून तोच गेम उघडायला जाते आणि तिला कुलूप दिसतं. कारण सोय आता पौडला गेली. भावाला दिलं, म्हणून मुलीचं गेलं. आणि एक गेम नाही, दादानं आजवर घेतलेले सगळेच डिजिटल गेम. शिवाय दादाचं खातं आता धाकट्याच्या मशीनवर आहे. शेजारणीला एक पातेलं द्यायचं, तर घराची किल्लीच द्यावी लागते, असा हा प्रकार. आणि वर त्याच कंपन्यांच्या अटी सांगतात, की खातं दुसऱ्याच्या हाती देऊ नका!

माझ्या टीकेचा विषय ही गैरसोय नाही. विषय आहे तिच्यामागची कल्पना. या नियमानं न बोलता 'घर' म्हणजे काय ते ठरवून टाकलं आहे. घर म्हणजे एक छप्पर, एक टीव्ही, एक मशीन. आपली घरं अशी असतात का? निम्मं घर गावात, निम्मं नोकरीच्या जागी, आणि दोन्हीकडे तेच लोक 'आमचं घर' म्हणतात.

कॅसेट फिरत होती तेव्हा

थोडं मागे जाऊ. नव्वदच्या दशकात टीव्हीला जोडायचे गेम आले. आपण त्यातल्या काडतुसाला 'कॅसेट' म्हणायचो. कॉन्ट्रा, मारिओ. एका वाड्यात किंवा सोसायटीत चारपाच कॅसेटी असायच्या आणि त्या घरोघर फिरायच्या. चालली नाही तर फुंकर मारून परत लावायची. त्यातल्या बऱ्याचशा नकली होत्या, हे लपवण्यात अर्थ नाही. त्या काळाचं फार कौतुक करायचं कारण नाही. पण एक गोष्ट त्यात होती : दिलं, की माझ्याकडे नसायचं. परत कधी मिळेल याची धाकधूक असायची. 'उसनं' या शब्दात ही धाकधूकच भरलेली आहे. देणाऱ्याचं काहीतरी जातं, म्हणून ते देणं ठरतं.

ही गोष्ट कंपन्यांनाही चांगली माहीत होती. 2013 साली मायक्रोसॉफ्टनं एक्सबॉक्स वनची घोषणा केली. अटी अशा, की मशीननं दर 24 तासांतून एकदा इंटरनेटवर हजेरी लावायची. तबकडीवरचा गेम मित्राला द्यायचा, तर एकदाच, आणि तो मित्र किमान 30 दिवस तुमच्या यादीत असला पाहिजे. म्हणजे मैत्रीलाही मुदतीची अट! लोक भडकले. जूनमध्ये सोनीनं एक छोटासा व्हिडिओ काढला, प्लेस्टेशनवर गेम कसा उसना द्यायचा त्याचं 'प्रशिक्षण'. एक माणूस दुसऱ्याच्या हातात डबी देतो, दुसरा थँक यू म्हणतो, संपलं. 19 जूनला मायक्रोसॉफ्टनं माघार घेतली.

इथपर्यंतची गोष्ट विजयाची म्हणून सांगितली जाते. तिची दुसरी बाजू कमी सांगतात. त्याच योजनेत घरातल्या दहा जणांना गेम वाटून घेता येतील अशीही एक तरतूद होती. माघारीबरोबर तीही गेली. तबकडी वाचली, पण डिजिटल गेम उसना कसा द्यायचा, हा प्रश्न तसाच राहिला. आणि त्यानंतर दुकानं हळूहळू डिजिटलच होत गेली. सोनीनं ज्या हातातून त्या हातात डबी दिली, ती डबीच आता अनेक घरांत येत नाही.

बटणावरचा शब्द

आता शब्दांकडे येतो. बटणावर लिहिलेलं असतं 'खरेदी करा'. आत अटींमध्ये लिहिलेलं असतं, की हा गेम तुम्हाला विकलेला नाही, वापरायचा परवाना दिला आहे. परवाना हस्तांतर करता येत नाही. विकता येत नाही, कोणाच्या नावावर करता येत नाही, मृत्युपत्रात लिहून काही उपयोग नाही.

आपल्या तालुक्यात हे समजावून सांगायला एक कागद पुरेसा आहे : सातबारा. सात नंबरवर हक्क कोणाचा ते असतं, बारा नंबरवर पीक काय घेतलं ते. डिजिटल गेमच्या सातवर नाव कंपनीचं. आपण सगळे बारावर. शंभर तास खेळलो, पीक भरघोस आलं, पण सातवर नाव चढत नाही. याच मुळशीत शंभर वर्षांपूर्वी, 1921 च्या सत्याग्रहात, हा फरक लोकांनी भोगला आहे. ज्यांच्या नावावर जमिनी होत्या त्या पुण्यातल्या काही सावकारांना मोबदला चालत होता, कसणाऱ्या मावळ्यांना जमीन हवी होती. गेम आणि जमीन यांची बरोबरी मी करत नाही. एक करमणूक आहे, दुसरं पोट. पण कागदावरचं नाव आणि हातातला वापर वेगळे पडले की काय होतं, हे इथल्या माणसाला वेगळं शिकवावं लागत नाही.

कायद्याचं काय? आपल्या सर्वोच्च न्यायालयानं 2004 साली, टाटा कन्सल्टन्सी सर्व्हिसेस विरुद्ध आंध्र प्रदेश या खटल्यात, तयार सॉफ्टवेअर तबकडीवर विकलं की ती 'वस्तू' ठरते, तिच्यावर विक्रीकर लागतो, असं सांगितलं. 2021 मध्ये, पुन्हा कराच्याच एका वादात, न्यायालयानं म्हटलं की कागदावर 'परवाना' लिहिलं म्हणून भागत नाही, व्यवहार मुळात काय आहे ते पाहिलं पाहिजे. म्हणजे कर घेताना ती विक्री असू शकते. मग भावाला देताना ती विक्री का नसावी? हा प्रश्न आपल्याकडे ग्राहकाच्या बाजूनं अजून पुरेसा विचारलाच गेलेला नाही.

बाहेर तो विचारला जातो आहे. फ्रान्सच्या युबिसॉफ्ट कंपनीनं 'द क्रू' या गाड्यांच्या गेमचा सर्व्हर 31 मार्च 2024 ला बंद केला. पैसे देऊन घेतलेला गेम, एकट्यानं खेळायचा भागसुद्धा, निकामी झाला. त्यातून युरोपात मोहीम उभी राहिली आणि 2025 मध्ये तिच्या अर्जावर दहा लाखांहून जास्त सह्या झाल्या. कॅलिफोर्नियात 1 जानेवारी 2025 पासून कायदाच आहे : परवाना देत असाल, तर तसं ठळक सांगा, नुसतं 'खरेदी' म्हणू नका.

मग चांगलं काय?

टीकाकारानं नुसतं नाक मुरडून चालत नाही. दोन प्रयत्न मला लक्ष देण्यासारखे वाटतात.

पहिला स्टीमचा, कॉम्प्युटरवरच्या गेमचा. 2024 पासून सहा जणांचं कुटुंब करता येतं. प्रत्येकाचं खातं वेगळं, कोणाला पासवर्ड द्यायला नको. एक प्रत एका वेळी एकच जण खेळेल. पण कुटुंब सोडलं, तर त्या कुटुंबात आल्यापासून वर्ष होईपर्यंत दुसऱ्या कुटुंबात जाता येत नाही. आणि धाकट्यानं खेळताना लबाडी केली, तर दादाचंही खातं त्या गेममधून बाद होऊ शकतं.

दुसरा निन्टेन्डोचा, 2025 मधला, 'आभासी गेम कार्ड'. डिजिटल गेमला त्यांनी पुन्हा कॅसेटीसारखं वागायला लावलं. एका मशीनमधून काढायचं, दुसऱ्यात घालायचं. कुटुंबातल्या माणसाला 14 दिवसांसाठी उसनं द्यायचं, तेवढे दिवस ते आपल्याकडे नसतं, मग आपोआप परत येतं. काही लोक यावर नाराज झाले, कारण आधीच्या पद्धतीत दोन मशीनवर एकाच वेळी खेळायची पळवाट सोपी होती. त्यांची नाराजी मला कळते. पण मला यात काहीतरी प्रामाणिक दिसतं. एक गेम द्यायला सगळी तिजोरी उघडावी लागत नाही. द्यायच्या वेळी दोन्ही मशीन जवळ असावी लागतात, म्हणजे दादाला पौडला यावंच लागेल. आई खूश होईल!

माझं म्हणणं एवढंच आहे. कंपन्यांनी आपल्याला वाटून खेळण्याची सवलत दिली आणि देण्याचा हक्क काढून घेतला. सवलत गोड आहे, म्हणून हक्क गेल्याचं कळत नाही. सवलतीची संख्या कंपनी ठरवते आणि बदलतेही. प्लेस्टेशन थ्रीवर एक खरेदी पाच मशीनवर चालायची, नोव्हेंबर 2011 मध्ये नव्या खरेदीसाठी ती दोनवर आणली. हक्क असता, तर असं एका रात्रीत कमी करता आलं नसतं.

एक प्रश्न

(व्याख्यानानंतर एका श्रोत्यानं विचारलं : "सर, मग आम्ही डिजिटल घ्यायचंच नाही का?")

घ्या की. मी घेऊ नका म्हणणार नाही. फक्त तीन गोष्टी करा. एक, सोय कुठल्या मशीनवर चालू आहे ते आधी घरात बसून ठरवा, नाहीतर मुलीच्या तोंडचा घास भावाला जाईल आणि भांडण विनाकारण होईल. दोन, जो गेम पुढे कोणाला द्यावासा वाटेल, तो मिळत असेल तर तबकडीवर घ्या. आणि तीन, 2019 चा ग्राहक संरक्षण कायदा डिजिटल उत्पादनांच्या ऑनलाइन खरेदीलाही धरतो आणि त्यात 'अनुचित करार' अशी व्याख्या आहे. सबळ कारणाशिवाय एकतर्फी करार संपवण्याचा अधिकार एकाच बाजूला देणारी अट त्यात मोडू शकते. उद्या तुमचा गेम कारण न देता गायब झाला, तर 'अटी मान्य केल्या होत्या ना' असं ऐकून गप्प बसू नका. ग्राहक आयोगापर्यंत जा.

आणि धाकट्या भावांना एक विनंती. दादानं सोय तुमच्या मशीनवर ठेवली असेल, तर अधूनमधून पुतणीला इकडे खेळायला बोलवा. नियमात बसत नाही ते घर आपण अजून तरी असंच चालवतो.