वेलणकर ते परवेझ : ओम पुरी यांच्या दोन देशांतील भूमिकांचा विचार

ओम पुरी (१९५०-२०१७) यांच्या कारकिर्दीचा विचार करताना सामान्यतः तिचे दोन भाग पाडले जातात : एक समांतर हिंदी चित्रपटाचा, दुसरा ब्रिटनमधील चित्रपट व दूरचित्रवाणीचा. दुसऱ्या भागाची नोंद बहुधा बहुमानाची म्हणूनच होते. २००४ सालचा मानद ओबीई किताब सांगितला की विषय संपतो. प्रस्तुत लेखकाच्या मते हे दोन्ही भाग एकाच सूत्राने बांधलेले आहेत. ते सूत्र म्हणजे बाप आणि मुलगा यांच्यातील सत्तासंबंध.

पुरी जन्माने अंबाल्याचे, पंजाबी. परंतु त्यांच्या घडणीत मराठीचा वाटा मोठा आहे. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयानंतर ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकले. विजय तेंडुलकरांच्या नाटकावरील 'घाशीराम कोतवाल' (१९७६) या मराठी चित्रपटात त्यांनी घाशीराम केला. 'आक्रोश' (१९८०) मधील जवळजवळ मुका लहान्या तेंडुलकरांच्याच लेखणीतला. राष्ट्रीय पुरस्कार मिळवून देणाऱ्या 'अर्धसत्य' (१९८३) ची पटकथाही तेंडुलकरांची, श्री. दा. पानवलकरांच्या 'सूर्य' या कथेवरून लिहिलेली.

'अर्धसत्य' हा पोलीसपट म्हणून पाहिला जातो. त्याचे मूळ मात्र घरात आहे. हवालदार बापाने (अमरीश पुरी) अनंत वेलणकरला त्याच्या इच्छेविरुद्ध पोलिसात घातले आहे. आईला मारणारा बाप त्याने लहानपणी पाहिला आहे आणि त्याबद्दलची चीड तो विसरलेला नाही. तरीही कोठडीतल्या किरकोळ चोराला तो मरेपर्यंत मारतो, तेव्हा तो हात बापाचाच असतो. इंदापूरला तृतीय वर्षाच्या वर्गात हा चित्रपट दाखवला, तेव्हा चर्चा रामा शेट्टीवर न होता या बापापाशी अडली. घरच्यांच्या निर्णयाने पोलीस भरतीच्या मैदानावर उतरलेली मुले त्या वर्गात होती.

१९९७ साली पुरी यांना उदयन प्रसाद दिग्दर्शित 'माय सन द फॅनॅटिक' मध्ये नायकाची भूमिका मिळाली. त्याच वर्षी हिंदीत ते 'चाची ४२०' मध्ये विनोदी साहाय्यक भूमिकेत होते. आपल्या व्यावसायिक चित्रपटाने चरित्र अभिनेत्याची जागा कशी ठरवली होती, हे यावरून कळते. हनीफ कुरेशी यांनी लिहिलेला परवेझ हा ब्रॅडफर्डमधला पाकिस्तानी टॅक्सीचालक. त्याला संगीत, मद्य व थोडे सुख हवे आहे. मुलगा फरीद मात्र कडव्या धर्मनिष्ठेकडे वळतो. येथे नाते उलटते. निवाडा करणारा मुलगा आहे, कोड्यात पडलेला बाप आहे. परवेझ अखेर मुलावर हात उचलतो, पण त्या माराने अधिकार सिद्ध होत नाही. तो गेल्याची कबुलीच मिळते. मारल्यानंतरचा ओशाळेपणा पुरी चेहऱ्यावर न दाखवता खांद्यांतून दाखवतात. वेलणकरचे ताठ खांदे ज्याला आठवतात, त्याला हा बदल विशेष जाणवेल.

'ईस्ट इज ईस्ट' (१९९९) अधिक गाजला आणि या भूमिकेसाठी पुरी यांना बाफ्टाचे नामांकनही मिळाले. तरी मला तो दुय्यम वाटतो. १९७१ च्या सॅलफर्डमध्ये मासे व बटाट्याच्या तळणीचे दुकान चालवणारा जॉर्ज खान मुलांची लग्ने परस्पर ठरवतो, बायकोला मारतो. चित्रपट मात्र प्रेक्षकाला मध्येच हसवून मोकळे करतो. पुरी हसण्याची ही सवलत घेत नाहीत, हेच त्यांचे मोठेपण. मोडक्या इंग्रजीत ओरडणारा जॉर्ज घरातल्या मुलांसमोर भाषेनेही हरलेला आहे, हे त्यांनी नेमके पकडले आहे. झेडी स्मिथ यांच्या कादंबरीवरील 'व्हाइट टीथ' (२००२) या चॅनल फोरवरील मालिकेत त्यांचा समद जुळ्यांपैकी एका मुलाला बांगलादेशात पाठवून देतो. मुलाचे आयुष्य परस्पर ठरवण्याची तीच रीत येथे सातासमुद्रापार जाऊन पुन्हा भेटते.

२०१६ सालच्या 'अ‍ॅक्टर इन लॉ' या पाकिस्तानी चित्रपटात पुरी पुन्हा बाप झाले : वकील बाप आणि नट होऊ पाहणारा मुलगा. जानेवारी २०१७ मध्ये त्यांचे निधन झाले.