रूपांतर आणि अंतर : ‘सामुराई शोडाउन’च्या दोन गृह-आवृत्त्या

एखाद्या कृतीचे माध्यमांतर झाले की समीक्षा प्रथम गळतीची यादी करते : कोणते पात्र वगळले, कोणता प्रसंग सौम्य केला. एसएनके या जपानी कंपनीच्या ‘सामुराई शोडाउन’ (१९९३) या द्वंद्वखेळाच्या १९९४ मधील गृह-आवृत्त्यांविषयीची चर्चाही याच वळणाने गेली. सेगाच्या जेनेसिस यंत्रावर अर्थक्वेक हे महाकाय पात्र नाही. सुपर निन्टेंडोवर ते आहे, मात्र तेथे रक्तपात सौम्य केला आहे. ही नोंद खरी आहे. तिने मूळ कृतीच्या आशयाला मात्र स्पर्श होत नाही.

त्या आशयाचे अधिष्ठान शस्त्र नसून अंतर आहे. मुष्टियुद्धाच्या खेळांत प्रहारांची मालिका अर्थ घडवते. येथे तलवारीचा एकच जोरकस वार द्वंद्व निकाली काढण्याच्या बेतास येतो. त्यामुळे वार करण्यापूर्वीची स्तब्धता, एक पाऊल मागे घेण्याची सावधगिरी हीच खरी क्रिया ठरते. मूळ नियो-जिओ यंत्रावर प्रतिस्पर्धी दूर सरले की दृश्यपट विस्तारतो आणि आकृत्या लहान होतात. ते भिडले की पट आकसतो आणि देह मोठे होतात. या हालचालीला तांत्रिक चमत्कृती म्हणणे अपुरे आहे. ती या संहितेची वाक्यरचनाच आहे.

दोन्ही रूपांतरांत ही वाक्यरचना लोपली, आणि दोघांनी तिचे एकेकच टोक राखले. जेनेसिसने निकटचा पट कायम केला : देह भरीव राहिले, पण माघारीला जागा उरली नाही. सुपर निन्टेंडोने दूरचा पट स्वीकारला : अवकाश टिकला, परंतु तलवारी भिडल्यावरही आकृत्या दूरस्थच राहतात. पात्रांच्या यादीवरून सुपर निन्टेंडोची आवृत्ती अधिक निष्ठावान ठरावी. तिचे खरे श्रेय मात्र अर्थक्वेकला राखण्यात नसून माघारीचे पाऊल राखण्यात आहे. रक्ताचा प्रश्न त्यापुढे गौण आहे.

अर्थात ‘मूळ’ म्हणून जे समोर ठेवले जाते, तेही निर्मळ मूळ नव्हे. शिमाबाराच्या उठावात (१६३७–३८) मारला गेलेला आमाकुसा शिरो येथे अठराव्या शतकाच्या अखेरीस पुनरुज्जीवित होतो. काबुकी रंगभूमीवरचा कृष्णवस्त्रधारी साहाय्यक, ज्याला प्रेक्षकांनी संकेताने ‘न पाहावयाचे’ असते, तो येथे निशाणे घेऊन पंच म्हणून उभा राहतो. हा संकेतभंग धीट आहे, आणि त्याची दखल फारच थोड्यांनी घेतली. इतिहास आणि रंगभूमी यांच्याशी इतके स्वातंत्र्य घेणारी कृती आपल्या रूपांतरकारांकडून शब्दशः निष्ठेची अपेक्षा करू शकत नाही. त्यांच्याकडे मागावयाचे ते एवढेच, की दोन तलवारींमधील रिकामी जागा त्यांनी रिकामी म्हणून ओळखावी.