अविनाश अरुण यांचे छायालेखन : निसर्गदृश्य आणि स्मृती

मराठी चित्रपटसमीक्षा प्रामुख्याने कथा, संवाद आणि अभिनय यांभोवती फिरत राहिली आहे. छायालेखकाच्या वाट्याला ‘नेत्रसुखद’ असे एखादे विशेषण येते. हे विशेषण किती अपुरे आहे, हे अविनाश अरुण यांच्या कारकिर्दीच्या आधारे दाखविण्याचा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

छायालेखकाचे कर्तृत्व कोल्हापूरला अपरिचित नाही. १९१८ च्या सुमारास बाबूराव पेंटर यांनी येथेच स्वदेशी कॅमेरा सिद्ध केला. त्यांच्या तालमीत घडलेल्या दामले-फत्तेलाल यांनी ‘संत तुकाराम’ (१९३६) दिग्दर्शित केला. कोल्हापुरात १९२९ मध्ये स्थापन झालेली ‘प्रभात’ १९३३ मध्ये पुण्यास गेली. तिच्याच आवारात १९६० मध्ये चित्रपट संस्था उभी राहिली. अविनाश अरुण हे या संस्थेचे विद्यार्थी होत. तंत्र हाती असलेल्याने दिग्दर्शनाकडे वळावे, ही परंपरा त्यांच्यापर्यंत येऊन पोहोचते.

‘किल्ला’चे (२०१४) दिग्दर्शन व छायालेखन त्यांचेच. बर्लिन महोत्सवात बालपरीक्षकांचे ‘क्रिस्टल बेअर’ आणि पुढे सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार या चित्रपटास लाभला. वडिलांच्या निधनानंतर आईच्या बदलीमुळे कोकणात आलेल्या चिन्मयला हा प्रदेश आपला वाटत नाही. मित्र त्याला किल्ल्यावर सोडून निघून जातात, तेव्हा पाऊस व तटबंदी त्याचे एकटेपण शब्दांवाचून व्यक्त करतात. येथे निसर्ग पार्श्वभूमी नसून मुलाच्या दुःखाचे परिमाण आहे.

नीरज घायवान यांच्या ‘मसान’मध्ये (२०१५) त्यांनी दुसऱ्याच्या आशयाला आपली दृष्टी दिली. वाराणसीचा घाट पर्यटकाच्या डोळ्यांनी न पाहता, तेथे प्रेते जाळणाऱ्या कुटुंबाचे कामाचे ठिकाण म्हणून त्यांनी पाहिला. म्हणूनच प्रेयसीचे प्रेत समोर येते तो प्रसंग आक्रोशाविनाही असह्य होतो.

‘थ्री ऑफ अस’मध्ये (२०२२) मात्र या दृष्टीची मर्यादाही जाणवते. स्मृतिभ्रंशाने ग्रासलेली शैलजा मुंबईहून बालपणीच्या वेंगुर्ल्यास परतते. या चित्रपटाच्या छायालेखनास फिल्मफेअर पुरस्कार मिळाला, आणि तो योग्यच होता. तथापि येथील संयत, सौम्य प्रकाशात विस्मरणही सुसह्य भासू लागते. रोग्याची दैनंदिन परवड चौकटीबाहेर राहते. गाव जणू शैलजेच्या परतण्यासाठीच थांबून राहिल्यासारखे दिसते. ‘किल्ला’तील पाऊस मुलाला एकटे पाडतो, येथील निसर्ग मात्र सांत्वन करतो.

सौंदर्य दुःखाचा अर्थ उलगडते की त्यावर पांघरूण घालते, हा प्रश्न प्रत्येक चौकटीला विचारावा लागतो. ‘नेत्रसुखद’ म्हणून थांबणारी समीक्षा तो विचारू शकत नाही. त्यामुळे ती छायालेखकाच्या यशाला न्याय देत नाही आणि त्याच्या मर्यादेलाही नाही. साहित्याच्या वर्गात आपण शब्दकळेची चिकित्सा करतो. प्रकाशाची चिकित्साही तितक्याच गांभीर्याने होणे अगत्याचे आहे.