खेकड्याची वेदना कोणी ऐकली?

जपानी साहित्याच्या उगमाचा शोध घेणाऱ्या विद्वानांत ओरिकुची शिनोबु (१८८७–१९५३) यांचे नाव मोठे. कोकुगाकुइन व केइओ विद्यापीठांत त्यांनी अध्यापन केले. १९२१ व १९२३ साली ते ओकिनावाला गेले. तेथील विधींचा आधार घेऊन त्यांनी ‘मारेबितो’चा सिद्धान्त मांडला. मारेबितो म्हणजे समुद्रापलीकडून ठरावीक काळी येणारा पाहुणा देव. त्याच्या तोंडचे वचन हेच साहित्याचे मूळ. आणि दारोदार आशीर्वाद देत अन्न मागणारे ‘होकाइबितो’ हे त्या वचनाचे वाहक.

वर्गात वाङ्मयेतिहास शिकवणाऱ्या मला याचे मोल कळते. दरबारापासून सुरू होणारा इतिहास ओरिकुचींनी भटक्या याचकापाशी आणून सोडला. प्रस्थापित समीक्षेला हे सहज पचणारे नव्हते.

पण माझा आक्षेपही इथूनच सुरू होतो. ‘मान्योशू’ या प्राचीन काव्यसंग्रहाच्या सोळाव्या खंडात होकाइबितोंची दोन गाणी आहेत. एकात हरीण आपला एकेक अवयव धन्याच्या कोणत्या कामी येईल, ते सांगते. दुसऱ्यात खेकड्याला राजाचे बोलावणे येते. गायक म्हणून बोलावले की वादक म्हणून, असा त्याला प्रश्न पडतो. शेवटी त्याला कुटून मिठात घालतात! ही गाणी त्या प्राण्यांची वेदना सांगण्यासाठी रचली, अशी टीप खुद्द संग्रहातच आहे. मारेबितोच्या चौकटीत मात्र मंगलवचन उरते, वेदना हरवते.

काळही पाहा. ३ मार्च १९२२ रोजी जपानमधील बहिष्कृतांनी क्योतोत ‘सुइहेइशा’ स्थापन करून माणूसपणाचा हक्क मागितला. ओरिकुचींचे साहित्याच्या उगमावरचे लेख १९२४ पासून आले. १९२८ मध्ये, नव्या सम्राटाच्या राज्यारोहणाच्या वर्षी, त्यांनी सांगितले की प्रत्येक सम्राटाच्या देहात एकच राजआत्मा प्रवेश करतो. म्हणजे सम्राट देवाचे पात्र आणि याचकही देवाचे पात्र. एकाला सिंहासन, दुसऱ्याला उंबऱ्याबाहेरची जागा! या विषमतेचे उत्तर सिद्धान्तात नाही.

पोतराज, वासुदेव यांच्यावर प्रबंध लिहिणाऱ्या आपल्या विद्यार्थ्यांनी ओरिकुची जरूर अभ्यासावेत. मात्र कलावंताच्या अंगात कोणता देव येतो, हे विचारण्याआधी त्याला दारात कोणी उभे ठेवले, हे विचारावे.