…आणि समस्त परिवार

आमचं गाव धामणगाव बढे, तालुका मोताळा, जिल्हा बुलढाणा. सरकारी कागदांवर आम्ही विदर्भात, पण रेडिओचा काटा फिरवला की जवळचं म्हणून लागायचं ते खानदेशातलं आकाशवाणी जळगाव. हे केंद्र १९७६चं. आमच्या घरातला रेडिओ त्याहून जुना. त्यामुळे आबांच्या लेखी जळगाव म्हणजे बातम्या, शेतीचे कार्यक्रम आणि कापसाचा भाव. गाणी म्हणजे विविध भारती.

मी पुण्यात कोडिंग करतो. मागची दोन वर्षं एका खरेदीच्या ॲपमध्ये ‘तुम्हाला हेही आवडेल’ सांगणारा भाग लिहितोय. त्यामुळे विविध भारतीवरचे हळवे लेख वाचले की मला जरा चिडचिड होते. सगळ्यांत तेच: गोड आवाज, निवांत दुपार, कुठे गेले ते दिवस. त्या रेडिओनं नेमकं काय वेगळं केलं, हे कुणी सांगत नाही. मला विचाराल तर गाणी तर सिलोनवरही वाजत होती. विविध भारतीचं खरं काम होतं नावं घेण्याचं. आणि कुणाचं नाव घ्यायचं, यावर आपल्या रेडिओत बरीच जुनी भांडणं आहेत.

पहिलं उदाहरण १९४९चं. ‘महल’ सिनेमातलं लताबाईंचं गाणं तुफान गाजलं, पण रेकॉर्डवर गायिका म्हणून छापलं होतं ‘कामिनी’. ते सिनेमातल्या पात्राचं नाव! पडद्यावर जी गाते तीच गायिका, असा तेव्हाचा हिशोब. लोकांनी रेडिओला पत्रं लिहून विचारलं, ही गाते कोण? रेडिओनं रेकॉर्ड कंपनीकडे विचारणा केली आणि मग खरं नाव हवेत गेलं. म्हणजे पार्श्वगायिकेला नाव मिळण्यात पत्र लिहिणाऱ्या श्रोत्यांचाही हात आहे.

दुसरं भांडण बाळकृष्ण विश्वनाथ केसकरांचं. पुण्यात जन्मलेले, पॅरिसला शिकलेले आणि १९५२ ते १९६२ अशी दहा वर्षं नभोवाणीमंत्री. हिंदी सिनेमाची गाणी त्यांना उथळ वाटायची. त्यांच्या काळात आकाशवाणीवर या गाण्यांचा वाटा कमी झाला आणि जी वाजत त्यांच्या निवेदनातून सिनेमाचं नाव काढलं गेलं. गायकाचं नाव सांगायचं, सिनेमाची फुकट जाहिरात करायची नाही. निर्माते बिथरले, त्यांनी गाणी वाजवायची परवानगीच काढून घेतली. त्याच १९५२ सालच्या डिसेंबरात रेडिओ सिलोनवर अमीन सायानींची ‘बिनाका गीतमाला’ सुरू झाली आणि भारतातले रेडिओ कोलंबोकडे वळले.

ही गोष्ट सांगताना केसकरांना खलनायक करायची पद्धत आहे. मला ते पटत नाही. शास्त्रीय संगीताचा राष्ट्रीय कार्यक्रम त्यांच्याच काळातला, रेडिओ संगीत संमेलनंही. गायकांना संस्थानांचा आधार गेला होता, तिथे आकाशवाणीचा चेक पोहोचला. पुणे केंद्रावर १९५५च्या रामनवमीला ‘गीतरामायण’ सुरू झालं आणि वर्षभरात माडगूळकर-फडक्यांची छप्पन्न गाणी झाली, तीही याच काळात. केसकरांची चूक मला दुसरीकडे दिसते. लोकांना काय ऐकवायचं याचा त्यांनी भरपूर विचार केला. लोकांनाही रेडिओला काही सांगायचं असेल, हे त्यांच्या आराखड्यात नव्हतं.

३ ऑक्टोबर १९५७ला विविध भारती आली, ती एका अर्थी या भांडणातली माघार होती. मंत्री केसकरच, पण गाणी सिनेमाची. सुरुवात शॉर्टवेव्हवर. १ नोव्हेंबर १९६७पासून मुंबई, पुणे आणि नागपूरला तिच्यावर जाहिरातीही लागल्या. माघार घेताना तिनं सिलोनची एक युक्ती उचलली, ती फर्माईशची. मराठीत ‘आपली आवड’नंही तेच केलं.

फर्माईश हा प्रकार आता ऐकला तर विचित्र वाटेल. साडेतीन मिनिटांचं गाणं आणि त्याआधी अर्धा मिनिट नुसती नावं. झुमरीतलैयाहून अमुक, अमुक, तमुक आणि त्यांचे सगळे मित्र. मग दुसरं गाव, मग तिसरं. झुमरीतलैया हे अभ्रकाच्या खाणींचं, आता झारखंडात असलेलं गाव देशभर माहीत झालं ते केवळ पोस्टकार्डांच्या जोरावर. निवेदक ही यादी कशी वाचतो यावर मी त्याला मार्क देतो. चांगला निवेदक उरकत नाही. गावाच्या नावाशी अर्धा क्षण थांबतो, जणू तिथे कुणीतरी रेडिओला कान लावून बसलंय हे त्याला ठाऊक आहे. आणि बसलेलं असायचंच.

आता माझ्या धंद्याच्या नजरेनं बघितलं तर हा डेटा अगदी टाकाऊ. लोक गाणं आवडलं म्हणून कार्ड टाकत नसत, नाव यावं म्हणून टाकत. जे हमखास वाजणार तेच गाणं मागत. एकच हौशी गडी वीस कार्डं लिही. ज्याला लिहिता येत नाही त्याची आवड कुठेच नाही. यावरून ‘जनतेची आवड’ काढणाऱ्याला मी तरी नोकरी देणार नाही. पण त्या यादीमुळे एक व्हायचं: आपण ऐकतोय ते आणखी कुठे कुठे ऐकलं जातंय, हे कळायचं. माझं ॲप मला माझ्याइतकं ओळखतं, पण या घडीला हेच गाणं मलकापुरात कोण ऐकतंय ते सांगत नाही. गीतकाराचं नाव शोधायला तर तीन ठिकाणी बोट लावावं लागतं. ‘गीत अमुक, संगीत तमुक’ एवढं निवेदक एका दमात सांगून जायचा.

हल्लीची विविध भारती फोन घेते. ‘हॅलो फर्माईश’मध्ये श्रोता स्वतः बोलतो, त्याच्या मागे कोंबडा आरवतो, निवेदक तिकडच्या पावसाची चौकशी करतो. गोड आहे, पण मला यादीच जास्त आवडते. फोनमध्ये पाच मिनिटं एकाची होतात, यादीत अर्ध्या मिनिटात पंधरा जण मावायचे. न्यूज ऑन एअर ॲपवर मी हे इथे पुण्यात ऐकतो. गावाकडच्या रेडिओपेक्षा काही सेकंद मागे, पण ऐकतो.

यादीतही एक खोट होती, ती मला आत्यानं दाखवली. आमच्या घरची कार्डं आबा लिहायचे. आबांचं नाव, मग काकांचं, माझ्या वडिलांचं, शेजारच्या दोघा मित्रांचं आणि शेवटी ‘आणि समस्त परिवार’. आत्या म्हणाली, “त्या समस्तात आम्ही सगळ्या बाया.” गाणी मात्र आजीला पाठ होती. चुलीपुढे ती कडव्यासकट म्हणायची. कुठलं गाणं मागायचं हे आबा तिलाच विचारायचे.

आत्या सातवीत असताना तिनं गुपचूप एक कार्ड टाकलं. वर फक्त आजीचं नाव, खाली गावाचं. गाणं आजीच्या आवडीचं, पण फारसं न वाजणारं. पुढे कित्येक आठवडे दोघी ऐकत राहिल्या. काही आलं नाही. मग कापूस वेचणी लागली आणि दुपारचा रेडिओ सुटला.

एका दुपारी शेजारची काकू धापा टाकत वावरात आली. “तुमचं नाव आलं म्हने रेडिओत! धामणगाव बढे म्हने, अन् तुमचं नाव!”

आजीनं ओट्यातला कापूस खाली ठेवला आणि विचारलं, “गानं कोनतं लावलं?”

ते काकूला माहीत नव्हतं. नाव ऐकल्याबरोबर ती पळत सुटली होती.